उधारीपायी धमक्या येत असतील तर : कोर्टाकडून पोलीस संरक्षण कसं मागायचं

खानावळीच्या हिशेबाची वही होती ती. कांदे दोन किलो, गॅस, दुधाचं बिल, आणि मधेच वेगळ्या शाईत एक ओळ : “रात्री ९.४०. दोघं आले. पांढरी गाडी. म्हणाले, उद्या पोरीच्या क्लासबाहेर उभं राहतो.” ज्या ताई ही वही पिशवीतून घेऊन आल्या, त्यांना ती दाखवायचीही लाज वाटत होती. पोलीस स्टेशनला त्या तीनदा जाऊन आल्या होत्या, तिन्ही वेळा तोंडी सांगून. तिन्ही वेळा उत्तर एकच मिळालं : पैसे घेतलेत ना, मग मिटवून टाका. पुढे कोर्टात त्यांचं म्हणणं उभं राहिलं ते या वहीतल्या अकरा नोंदींवर.

मी सोलापूर भागात वकिली करतो. इकडे ‘मीटर व्याज’ हा शब्द शाळकरी पोरालाही कळतो. पन्नास हजार घेतले, महिना शेकडा दहा, म्हणजे दर महिन्याला पाच हजार नुसतं व्याज. चौदा महिन्यांत सत्तर हजार देऊन झाले तरी मुद्दल जिथल्या तिथे. मग एखादा हप्ता चुकतो आणि दारात माणसं येतात. माझ्याकडे येणारे बहुतेक लोक या टप्प्यावरही येत नाहीत, त्यानंतर कितीतरी उशिरा येतात, आणि हातात एकही कागद नसतो. कोर्टापुढे भीती दाखवता येत नाही, कागद दाखवावा लागतो. म्हणून हा लेख वकिलाकडे जाण्याच्या आधीच्या पंधरा दिवसांवर जास्त रेंगाळणार आहे.

देणं लपवू नका

तुमच्यावर कर्ज आहे म्हणून धमकी सहन करायची, असं कुठलाच कायदा सांगत नाही. पैसे थकणं हा स्वतःहून फौजदारी गुन्हा नाही. सुरुवातीपासून फसवायच्या इराद्याने घेतले असतील किंवा दिलेला चेक परत गेला असेल, तर गोष्ट वेगळी. घरात शिरून, रस्त्यात अडवून, पोरांची नावं घेऊन वसुली करणं मात्र गुन्हाच आहे. थकबाकीदारालाही राज्यघटनेच्या कलम २१ खाली जिवाचा हक्क आहे, आणि संरक्षणाचा अर्ज त्याच हक्कावर उभा राहतो.

पण याची दुसरी बाजूही तितकीच पक्की लक्षात ठेवा. अर्जात देणं लपवलंत तर प्रकरण तिथेच संपतं. समोरचा वकील पहिल्याच तारखेला तुमच्या सहीची पावती पुढे करतो आणि न्यायाधीशांचा तुमच्या बाकीच्या म्हणण्यावरचाही विश्वास उडतो. किती घेतले, कधी, किती परत दिले, आता किती बाकी आहे असं तुम्हाला वाटतं, हे स्वतःहून लिहा. संरक्षणाचा आदेश कर्ज माफ करत नाही. तो समोरच्याला एवढंच सांगतो की पैसे हवेत तर दिवाणी कोर्टात दावा लाव.

धमकावणारा कोण आहे

यावर पुढचे अर्धे दरवाजे ठरतात. बँक किंवा फायनान्स कंपनीचा वसुली एजंट असेल, तर रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार त्याला सकाळी ८ च्या आधी आणि संध्याकाळी ७ नंतर वसुलीसाठी फोन करता येत नाही. शिवीगाळ, नातेवाइकांना त्रास, चारचौघांत अपमान यांना तर मुळीच मुभा नाही. गुंड पाठवून वसुली करण्यावर सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्येच एका खासगी बँकेच्या प्रकरणात कडक शब्दांत ताशेरे ओढले होते. आधी बँकेला लेखी तक्रार द्या, ३० दिवसांत समाधान झालं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा. माहितीसाठी १४४४८ हा क्रमांक आहे. इथे एक सावधगिरी हवी : गहाण घराचा ताबा घ्यायला बँक रीतसर नोटीस देऊन आणि मॅजिस्ट्रेटचा आदेश घेऊन आली असेल, तर ती धमकी नव्हे. तिथे संरक्षणाचा अर्ज चालत नाही, कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे धाव घ्यावी लागते.

मोबाइलवरचं कर्जाचं ॲप असेल, फोटो बिघडवून ओळखीच्यांना पाठवत असतील, तर त्याच दिवशी १९३० वर सायबर तक्रार करा.

खासगी सावकार असेल तर महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम २०१४ तुमच्या बाजूने आहे, आणि लोक त्याचा वापर फारच कमी करतात. परवान्याशिवाय सावकारी केली तर ५ वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. परवाना असला तरी व्याज मनाला येईल तसं लावता येत नाही. शासनाने २०१४ मध्ये ठरवलेले दर असे : शेतकऱ्याला तारणावर वर्षाला ९ टक्के आणि विनातारण १२, इतरांना तारणावर १५ आणि विनातारण १८ टक्के. वर्षाला, महिन्याला नव्हे. त्या ताईंच्या पन्नास हजारांवर चौदा महिन्यांचं कायदेशीर व्याज साडेदहा हजार होतं, त्यांनी सत्तर हजार भरले होते. शिवाय व्याजाची एकूण वसुली मुद्दलापेक्षा जास्त होऊ शकत नाही, आणि कर्ज देताना परवाना नसलेल्या सावकाराला कोर्ट वसुलीचा हुकूमनामा देत नाही. हे आकडे तुमच्या अर्जात यायला हवेत, कारण त्यातून कळतं की समोरचा माणूस कोर्टाऐवजी दारात का येतो.

पहिले दोन दिवस

जिवावर बेतलं असेल, कोणी दारात उभं असेल, तर बाकी सगळं बाजूला ठेवून ११२ लावा. फोन लावल्याची वेळ लिहून ठेवा. त्या कॉलची नोंद पोलिसांकडे राहते आणि पुढे ती मागवता येते.

मग एक वही घ्या. प्रत्येक प्रसंगाला तारीख, वेळ, जागा, कोण आले, गाडीचा नंबर, नेमके शब्द आणि कोणी पाहिलं. शब्द जसेच्या तसे लिहा, शिवी असली तरी. “त्यांनी मला धमकावलं” या वाक्याला कोर्टात वजन नाही. “तुझा पाय ठेवत नाही, दुकान पेटवतो” याला आहे. मागच्या गोष्टी आठवून लिहिताना ‘अंदाजे’ हा शब्द बिनदिक्कत वापरा. खोटी अचूकता उलटतपासणीत उघडी पडते.

फोनमधलं काहीही पुसू नका. कॉल रेकॉर्डिंग, व्हॉट्सॲप, व्हॉइस नोट ज्या फोनवर आलं तिथेच मूळ स्वरूपात राहू द्या आणि प्रत वेगळ्या पेनड्राइव्हवर घ्या. भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे अशा पुराव्यासोबत प्रमाणपत्र जोडावं लागतं, ते वकील तयार करून देतात. पण मूळ फोन विकून टाकलात किंवा रीसेट केलात तर त्यांचाही नाइलाज होतो. शेजारच्या दुकानाचं सीसीटीव्ही फुटेज काही दिवसांत आपोआप पुसलं जातं, म्हणून दुकानदाराला आजच विनंती करा.

पैसे दिल्याचे पुरावे वेगळे लावा : फोनपे, गुगल पे, बँक स्टेटमेंट. रोख दिले असतील तर कोणासमोर, ते लिहा. कोरे चेक आणि कोरे स्टॅम्प पेपर सही करून दिलेले असतात, जवळजवळ प्रत्येक प्रकरणात. त्या चेकचे नंबर आणि ते कधी, कशासाठी दिले हे आजच लिहून काढा आणि पहिल्या तक्रारीतच टाका. नंतर तो चेक मोठी रक्कम भरून बँकेत टाकला गेला, तर तुमचं हे आधीचं लिखाण मोलाचं ठरतं. चेक परत गेल्याची नोटीस आली तर पैसे भरायला १५ दिवसांची मुदत असते. त्या आत वकिलामार्फत उत्तर गेलंच पाहिजे.

तक्रार अर्ज

ताईंचा पहिला अर्ज कोणीतरी पोलीस स्टेशनबाहेर टाइप करून दिला होता. त्यात लिहिलं होतं, “सदर इसम मला वारंवार मानसिक व शारीरिक त्रास देत असून माझ्या जीवितास धोका आहे.” असं वाक्य ठाणे अंमलदार दिवसाला दहा वेळा वाचतो. आम्ही ते असं बदललं :

“दि. ३ रोजी रात्री ९.४० च्या सुमारास दोन इसम माझ्या खानावळीत आले. त्यांपैकी एकाला मी ओळखते. त्याने गल्ल्यातील २,३०० रुपये काढून घेतले व म्हणाला, ‘उरलेले शुक्रवारपर्यंत दे, नाहीतर उद्या पोरीच्या क्लासबाहेर उभं राहतो.’ त्या वेळी जेवायला बसलेले दोन ग्राहक हजर होते. मी या इसमाकडून ५०,००० रुपये घेतले असून आजपर्यंत ७०,००० रुपये परत दिले आहेत.”

हे कलमांसाठीही महत्त्वाचं आहे. नुसती धमकी ही भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५१ मध्ये बसते आणि तिची बहुतेक वेळा एनसी होते, म्हणजे अदखलपात्र नोंद. धाक दाखवून पैसे किंवा सही घेतली की ती कलम ३०८ ची खंडणी होते, आणि ती दखलपात्र आहे. घरात शिरणं, रस्ता अडवणं, कोंडून ठेवणं, विनापरवाना सावकारी हेही दखलपात्र. गल्ल्यातून काढलेले २,३०० रुपये पहिल्या अर्जात नव्हतेच, कारण ताईंना ते “व्याजातच गेले” असं वाटत होतं.

अर्जाच्या शेवटी मागण्या स्पष्ट लिहा : गुन्हा नोंदवावा, समोरच्यावर प्रतिबंधक कारवाई करावी, आणि मला व माझ्या कुटुंबाला पोलीस संरक्षण द्यावं. तिसरी मागणी लेखी नसेल तर उच्च न्यायालयात पहिला प्रश्न हाच येतो की पोलिसांकडे संरक्षण मागितलं होतं का?

पोलीस स्टेशन, आणि त्याच्या वर

अर्जाच्या दोन प्रती न्या. दुसरीवर शिक्का, तारीख आणि सही, म्हणजे पोच, घेतल्याशिवाय निघू नका. पोच देत नसतील तर वाद घालत बसू नका. बाहेर पडा आणि तोच अर्ज स्पीड पोस्टाने त्याच पोलीस स्टेशनला आणि जिल्ह्याच्या पोलीस अधीक्षकांना, शहरात असाल तर पोलीस आयुक्तांना आणि उपायुक्तांना, पाठवा. पोस्टाची पावती आणि पोहोचल्याचा ऑनलाइन अहवाल जपून ठेवा.

दखलपात्र गुन्हा दिसत असेल तर एफआयआर घेणं पोलिसांना बंधनकारक आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ च्या ललिता कुमारी निकालात सांगितलं. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १७३ आता त्यासाठी आहे. हद्द आमची नाही असं म्हणून परत पाठवता येत नाही, झिरो एफआयआर घ्यावाच लागतो, आणि त्याची प्रत तुम्हाला मोफत मिळते. एनसी झाली तरी नाराज होऊ नका, तिचा नंबर घ्या. तीन महिन्यांतल्या तीन एनसी कोर्टात बरंच काही सांगून जातात.

पोलीस स्टेशनमध्ये दोघांना समोरासमोर बसवून “आपसात मिटवा” असं होतं. वसुली करून देणं हे पोलिसांचं काम नाही. तिथे कुठल्याही समझोत्यावर, हप्त्यांच्या कबुलीवर सही करू नका. वकिलाला विचारून उद्या सांगतो, एवढंच म्हणा.

आणि ‘चॅप्टर केस’ मागा. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ खाली कार्यकारी दंडाधिकारी समोरच्याकडून शांतता राखण्याचं बंधपत्र घेऊ शकतात, एक वर्षापर्यंत. लोकांना ही कारवाई किरकोळ वाटते. माझा अनुभव उलटा आहे. ज्याला आजवर कोणी बोलावलंच नाही, त्याला अधिकाऱ्यासमोर उभं राहून बंधपत्र द्यावं लागलं की बऱ्याच जणांचा आवाज खाली येतो.

सहायक निबंधक

खासगी सावकाराविरुद्ध तालुक्याच्या सहायक निबंधक, सहकारी संस्था, यांच्याकडे वेगळा अर्ज करा. जिल्हा उपनिबंधक हे सावकारीचे जिल्हा निबंधक असतात. त्यांना सावकाराच्या घराची झडती घेऊन कोरे चेक, स्टॅम्प, खरेदीखतं जप्त करण्याचा अधिकार आहे. कर्जापोटी जमीन किंवा घर खरेदीखत करून लिहून घेतलं असेल, तर सावकारी अधिनियमाच्या कलम १८ खाली १५ वर्षांपर्यंतच्या अशा व्यवहारांची चौकशी होऊन मालमत्ता परत मिळू शकते. झडतीचा पंचनामा हाती लागला तर पुढच्या प्रत्येक कोर्टात तो जोडा.

मॅजिस्ट्रेट की दिवाणी कोर्ट

पोलिसांनी गुन्हा घेतला नाही आणि अधीक्षकांकडेही काही हललं नाही, तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७५(३) खाली मॅजिस्ट्रेटकडे अर्ज होतो. सोबत शपथपत्र लागतं आणि अधीक्षकांना अर्ज दिल्याचा पुरावा लागतो. हा टप्पा गाळून थेट उच्च न्यायालयात गेलात, तर सर्वोच्च न्यायालयाच्या २००७ च्या साकिरी वासू निकालाचा दाखला देऊन परत पाठवलं जाण्याची शक्यता मोठी असते.

दिवाणी कोर्टाचा रस्ता लोक विसरतात. समोरच्याने कायद्याच्या मार्गाखेरीज वसुली करू नये, घरी-दुकानात येऊन अडथळा करू नये, असा कायम मनाईचा दावा लावता येतो. त्यासोबत तूर्तातूर्त मनाईचा अर्ज, ज्याला कोर्टात सगळे ‘निशाणी ५’ म्हणतात. निकड दाखवता आली तर समोरच्याला नोटीस जाण्याआधीही मनाई मिळू शकते. हुकूम मोडला तर मालमत्ता जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते, आणि हुकमाच्या अंमलबजावणीसाठी पोलीस मदत मिळावी असा अर्ज दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली त्याच कोर्टात करता येतो. उच्च न्यायालयाचा खर्च न झेपणाऱ्यांसाठी मी हाच रस्ता आधी सुचवतो. धमकावणारा एकच, ओळखीचा, पत्ता माहीत असलेला असेल तर याने काम भागतं. टोळी असेल, किंवा स्थानिक पोलीसच त्याच्याकडे झुकलेले दिसत असतील, तर भागत नाही.

उच्च न्यायालयातली रिट

तेव्हा घटनेच्या कलम २२६ खाली फौजदारी रिट याचिका, म्हणजे हक्काच्या रक्षणासाठी थेट उच्च न्यायालयात केलेला अर्ज. मुंबईशिवाय नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला खंडपीठ आहे, गोव्यासाठी पर्वरीला. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं, त्यामुळे कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गातल्या माणसाला आता मुंबईची फेरी मारावी लागत नाही. रोजंदारी बुडवून तारखेला येणाऱ्याला याचं महत्त्व विचारा.

याचिकेत प्रतिवादी म्हणून महाराष्ट्र शासन, पोलीस अधीक्षक किंवा आयुक्त, संबंधित पोलीस निरीक्षक आणि धमकावणारी व्यक्ती. मांडणी तारखांच्या क्रमाने : कर्ज, परतफेड, पहिली धमकी, पहिला अर्ज, पोच, पुढची धमकी, अधीक्षकांना अर्ज, आणि तरीही काय झालं नाही. सोबत वहीच्या पानांच्या प्रती, एनसी, निबंधकांचा कागद, पैशांचा तक्ता. तातडी असेल तर वकील मेन्शनिंग करून लवकरची तारीख मागतात. त्यासाठी अगदी ताजा प्रसंग लागतो. सहा महिन्यांपूर्वीच्या धमकीवर तातडी पटत नाही.

पुढे काय होतं हे आधीच समजून घ्या, म्हणजे निराशा होत नाही. सरकारी वकील पोलिसांकडून सूचना आणि धोक्याचा अहवाल मागवतात. एखादा अधिकारी तुमच्या घरी येऊन जबाब घेईल. त्या दिवशी घरी राहा आणि कागदांची फाइल त्याच्या हातात द्या. बंदूकधारी शिपाई दारात बसेल असा आदेश क्वचित होतो. जास्त वेळा असं होतं : पोलिसांनी ठरलेल्या मुदतीत अर्जावर निर्णय घ्यावा, घराजवळ गस्त ठेवावी, याचिकाकर्त्याला अधिकाऱ्याचा मोबाइल नंबर द्यावा आणि फोन आला की लगेच मदत पोचवावी. प्रत्यक्ष पोलीस कर्मचारी नेमला गेला तर त्याचं शुल्क भरावं लागू शकतं. ते झेपणार नसेल तर उत्पन्नाचा दाखला याचिकेतच जोडा आणि माफीची मागणी करा.

वकिलाची फी परवडत नसेल तर १५१०० वर फोन करा किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात जा. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीचे लोक, अपंग व्यक्ती आणि औद्योगिक कामगार यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो, उच्च न्यायालयातही.

खंडणीचा एफआयआर दाखल झाला असेल तर आणखी एक दार आहे. आता तुम्ही साक्षीदार आहात. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये साक्षीदार संरक्षण योजना सगळ्या राज्यांसाठी लागू केली. तिच्याखाली जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालच्या समितीकडे अर्ज करता येतो, आणि अर्ज प्रलंबित असतानाही तात्पुरतं संरक्षण देता येतं.

आदेश हातात आल्यावर

आदेशाची प्रत त्याच दिवशी पोलीस स्टेशनला द्या, पुन्हा पोच घेऊन. दिलेला नंबर घरातल्या प्रत्येकाच्या फोनमध्ये आणि एक कागदावर लिहून भिंतीवर. वही चालू ठेवा. समोरच्याच्या मध्यस्थाशी एकट्याने भेटू नका, आणि देता येतील तेवढे पैसे द्यायचेच असतील तर बँकेतून द्या, रोख नको. पुन्हा कोणी आलं तर तीच वेळ, तेच शब्द, तोच नंबर, आणि दुसऱ्या दिवशी वकिलाकडे. आदेश मोडल्याची नोंद नसेल तर तो वाढवून मागताना हात रिकामे असतात.

या सगळ्यात माणूस आतून खचतो. रात्री झोप लागत नाही, सगळं संपवून टाकावंसं वाटतं. असं वाटलं तर १४४१६ वर टेली-मानसला फोन करा, मोफत आहे, मराठीत बोलता येतं. आणि घरातल्या एका तरी माणसाला कर्जाचा खरा आकडा सांगा. ताईंच्या नवऱ्याला तो आकडा आमच्या ऑफिसात, शपथपत्र वाचताना कळला. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग त्यांनी खिशातून पेन काढलं आणि वहीतल्या एका नोंदीवर बोट ठेवून म्हणाले, “ही तारीख चुकलीय, त्या दिवशी मी घरी होतो, मी पाहिलंय त्यांना.” आम्हाला हवा असलेला साक्षीदार इतके दिवस त्यांच्याच घरात होता.